उडून न गेलेला फिंच: आमच्या फीडरवरच्या एका हिवाळ्याची केस

जानेवारीतला दुसरा शनिवार, सकाळचे साडेआठ वगैरे, मी डेकचं दार सरकवून बाहेर आले आणि फीडरवरचे, म्हणजे पक्ष्यांसाठी दाणे भरून टांगलेल्या भांड्यावरचे, सगळे पक्षी नेहमीसारखे भुर्रकन उडाले, एक सोडून. हाउस फिंच या चिमणीएवढ्या, दाणे खाणाऱ्या पक्ष्याचा नर होता, कपाळ आणि छाती छान लालभडक, पंख थोडे फुगवलेले. मी दोन पावलं पुढे गेले तरी तो तसाच बसून, सावकाश दाणा चघळतोय. लेकीला हाक मारली, ती पायजम्यावरच आली, तिने अगदी हातभर अंतरावरून त्याचा फोटो काढला आणि आम्ही दोघी दिवसभर खुश होतो की शेवटी एका पक्ष्याला आपली ओळख पटली. ही केस मी लिहितेय ती याच एका गोष्टीसाठी. रानातला पक्षी माणसाला इतकं जवळ येऊ देतो तेव्हा बहुतेक वेळा तो माणसाळलेला नसतो, तो आजारी असतो, आणि मला हे कळायला चार दिवस लागले.

आधी जागा सांगते. आम्ही मध्य न्यू जर्सीत राहतो, टाउनहाउसची रांग, मागे छोटं डेक, डेकपुढे वीस-पंचवीस फूट गवत आणि त्याला लागून ओक आणि बीचचं जुनं रान, फार मोठं नाही, पण आत एक ओढा आहे आणि वठलेली झाडं कोणी तोडलेली नाहीत. फीडर दोन. एक लांब नळीसारखा, सहा भोकं आणि प्रत्येक भोकाखाली बसायला दांडी, त्यात काळ्या सूर्यफुलाच्या बिया. दुसरा म्हणजे जाळीचा पिंजरा, त्यात सुएटची वडी, म्हणजे जनावराच्या चरबीत दाणे घालून थापलेली असते ती. शिवाय पाण्याचं एक उथळ भांडं.

येणारे म्हणाल तर चिकॅडी, टफ्टेड टिटमाउस, नटहॅच, डाउनी वुडपेकर, कार्डिनलची जोडी, खाली जमिनीवर जंको आणि मोर्निंग डव्ह, आणि सगळ्यात जास्त हाउस फिंच आणि गोल्डफिंच. आपल्याकडची रामगंगा बघितली असेल तर चिकॅडी लगेच ओळखाल, एकाच कुळातल्या आहेत, तेवढाच जीव आणि तोच धीटपणा. आणि नटहॅच म्हणजे आपली शिलिंध्री, झाडाच्या खोडावरून डोकं खाली करून उतरते ती, फक्त इथली जरा मोठी आणि पोट पांढरं. चिमण्याही येतात, त्या तर खरोखर आपल्याच चिमण्या, 1850च्या सुमारास ब्रुकलिनमध्ये इंग्लंडहून आणून सोडलेल्यांची पिल्लावळ. त्या हिवाळ्यात माझ्या सासूबाई साताऱ्याहून सहा महिन्यांसाठी आल्या होत्या, त्यांनी पहिल्याच दिवशी खिडकीतून बघून म्हटलं, "अगं, ही तर आपली चिऊ!" आणि त्यानंतर रोज सकाळचा चहा त्यांनी त्या खिडकीशीच घेतला.

आम्ही दोन हिवाळे प्रोजेक्ट फीडरवॉचसाठी फीडरवरच्या पक्ष्यांची मोजणी करतोय. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, हा कॅनडातल्या ऑन्टारियोत 1976 मध्ये छोट्या सर्वेक्षणातून सुरू झालेला उपक्रम, 1987 पासून कॉर्नेल लॅब ऑफ ऑर्निथॉलॉजी या अमेरिकेतल्या पक्षी-अभ्यास संस्थेच्या साथीने सगळ्या उत्तर अमेरिकेत चालतो. नोव्हेंबर ते एप्रिल, लागोपाठ दोन दिवस मोजायचं, मग किमान पाच दिवस सुट्टी, मग पुन्हा दोन दिवस. मोजायचं कसं तर दिवसभरात एका वेळी एकत्र दिसलेले जास्तीत जास्त किती, तेवढाच आकडा लिहायचा, बेरीज करायची नाही, म्हणजे एकच पक्षी दहादा आला तरी तो दहा होत नाही. माझ्या वहीत डिसेंबरअखेर हाउस फिंचचा आकडा होता 14. सहा भोकांच्या फीडरला चौदा फिंच! मला त्या आकड्याचा अभिमान वाटत होता, आणि चुकीची सुरुवात खरं तर तिथेच होती, कारण त्या पूर्ण डिसेंबरात मी फीडर एकदाही धुतला नव्हता. थंडी, बर्फ, बाहेरचा नळ बंद, रोज वरून दाणे ओतत गेले. तळाशी ओली टरफलं साचून काळी पडली होती, ती मला दिसत होती आणि तरी मी "पुढच्या वीकेंडला बघू" म्हणत राहिले.

तर शनिवारचा तो नर रविवारीही आला, आणि सोमवारी तर सकाळपासून दुपारपर्यंत एकाच दांडीवर. बाकीचे येऊन, खाऊन, भांडून जायचे, हा तिथेच. खाताना मधेच डोकं तिरकं करून भोकाच्या कडेवर घासायचा. लेक म्हणाली, "आई, त्याला खाज सुटलीय." मंगळवारी रात्री सगळं आवरल्यावर मी तिने काढलेले फोटो लॅपटॉपवर मोठे करून बघितले आणि पोटात धस्सकन झालं. शनिवारच्या फोटोत त्याची डावी बाजू आमच्याकडे होती, तो डोळा नीट, काळा, चमकदार. पण सोमवारच्या एका फोटोत त्याने मान वळवली होती, आणि उजवा डोळा जवळजवळ बंद, भोवतीची कातडी लाल आणि सुजलेली, पापणीवर खपली. तो उडत नव्हता कारण त्या बाजूने मी त्याला दिसतच नव्हते, आणि जिथून दिसत होते तिथून उडायची त्याच्यात ताकद नव्हती.

मग बाकीचे सगळे फोटो बसून बघितले. आणखी एक निघाली, मादी, करड्या रेघांची, तिच्या उजव्या पंखात एक पांढरं पीस होतं म्हणून ती मला नक्की ओळखता येत होती. तिचा डावा डोळा पाणावलेला, कडा गुलाबी, अजून सूज नाही. म्हणजे शनिवारपासून मंगळवारपर्यंत मी ज्याला दोस्ती समजत होते त्या चार दिवसांत त्याच भोकांत डोकं घालून बाकी सगळे जेवत होते.

या आजाराला इथे हाउस फिंचचा डोळ्यांचा आजार असंच म्हणतात. जंतूचं नाव मायकोप्लाझ्मा गॅलिसेप्टिकम, हा मुळात कोंबड्या आणि टर्कींचा जंतू, पोल्ट्रीवाल्यांना तो आधीपासून माहीत होता, त्यांच्यात श्वासाचा आजार करतो. 1994 च्या फेब्रुवारीत राजधानी वॉशिंग्टनच्या आसपास काही फीडरवॉचवाल्यांना आपल्या अंगणात सुजलेल्या डोळ्यांचे फिंच दिसले आणि त्यांनी ते कळवलं. म्हणजे हा जंतू कोंबड्यांच्या दुनियेतून रानपाखरांत आलाय हे पहिल्यांदा लक्षात आलं ते माझ्या-तुमच्यासारख्या खिडकीशी बसणाऱ्या लोकांमुळे. त्याच वर्षी नोव्हेंबरात कॉर्नेलने या आजारासाठी वेगळी नोंद सुरू केली, आणि लोकांच्या त्या नोंदींवरून तीन-चार वर्षांत आजार अमेरिकेच्या पूर्वेच्या अर्ध्या भागात कसा पसरत गेला ते नकाशावर दिसत गेलं. काही भागांत फिंचची संख्या निम्म्याहून खाली आली. पुढे 2000 नंतर तो रॉकी पर्वत ओलांडून पश्चिमेलाही पोचला.

आणि याच्या मागची गोष्ट ऐकाल तर अजून वाईट वाटेल. हाउस फिंच पूर्वेचा पक्षीच नाही. तो पश्चिम अमेरिका आणि मेक्सिकोचा. न्यूयॉर्कच्या दुकानांत त्याला "हॉलिवुड फिंच" नाव देऊन पिंजऱ्यात विकायचे, गाणं गोड म्हणून. पण 1918 च्या मायग्रेटरी बर्ड ट्रीटी ॲक्टखाली रानपक्षी पकडणं-विकणं गुन्हा, तेव्हा 1940 मध्ये कारवाई होणार म्हटल्यावर दुकानदारांनी ते लाँग आयलंडवर सोडून दिले. त्या मूठभर सोडलेल्या पाखरांपासून पूर्वेचे सगळे फिंच वाढले, पन्नासेक वर्षांत अर्धा देश त्यांनी भरला, ते मुख्यतः माणसांच्या वस्तीत, कुंड्यांत, वळचणीला आणि आमच्या फीडरांवर. मग त्यांच्यात हा जंतू शिरला. म्हणून हा सगळा प्रकार निसर्गाचा आहे, आपण काय करणार, असं म्हणून मला हात झटकता येत नाहीत, यात पहिल्यापासून माणसाचा हात आहे.

फीडरचा यातला वाटा किती, यावर व्हर्जिनियात फार सुंदर काम झालंय, 2015 मध्ये छापून आलं. रानातल्या फिंचना बारीक इलेक्ट्रॉनिक टॅग लावले आणि फीडरवर कोण किती वेळ बसतो ते आपोआप नोंदवलं. निघालं असं की कोणाला आजार होणार आणि कोण पसरवणार हे त्याचे सोबती किती यावर नाही तर तो फीडरवर किती वेळ घालवतो यावर जास्त अवलंबून. हे वाचलं आणि माझ्या डोळ्यांसमोर एकदम चिकॅडी आली. चिकॅडी फीडरवर राहतेच किती, एक सेकंद, दोन सेकंद, एक बी उचलली की गेली फांदीवर, बोटांत धरून चोचीने ठोकून फोडणार, नाहीतर सालीच्या फटीत लपवून ठेवणार. फिंचचं तसं नाही, तो दांडीवर ठाण मांडतो, तिथेच टरफल सोलतो, तिथेच खातो, आणि पुन्हा भोकात डोकं घालतो. एकाच फीडरवर दोन पद्धतीची जेवणं चालू असतात आणि मला दोन वर्षांत ते नीट दिसलं नव्हतं. हा जंतू इतर बऱ्याच लहान पक्ष्यांत सापडलाय, पण डोळे बिघडतात ते प्रामुख्याने फिंच मंडळींचे, गोल्डफिंचलाही होतं, सहसा सौम्य.

आजाराने पक्षी थेट मरतोच असं नाही, बरेच बरेही होतात. पण डोळे बंद झाले की दाणा सापडत नाही, ससाणा दिसत नाही, थंडीत अंगातली ऊब टिकत नाही, मरण येतं ते असं. माणसांना हा आजार होत नाही, हे आधी सांगायला हवं होतं, कारण लेक घाबरली होती आणि मी पण तिचे हात तीनदा धुवायला लावले. (हात धुवायचेच, फीडरवर साल्मोनेलासारखे दुसरे जंतू असू शकतात, ते माणसाला होतात.)

बुधवारी सकाळी वाइल्डलाइफ रिहॅबच्या, म्हणजे जखमी-आजारी रानप्राण्यांवर उपचार करणाऱ्या एका ठिकाणी फोन केला. मला वाटत होतं की अँटिबायोटिक मिळेल, पाण्यात टाकू. फोनवरच्या बाईंनी अगदी शांतपणे पण ठाम नाही म्हटलं. एक तर कायद्याने रानपक्ष्याला घरी ठेवता किंवा औषध देता येत नाही, परवाना लागतो. दुसरं म्हणजे पाण्यातून कोण किती औषध पितो याचा काही हिशोब नसतो, अर्धवट डोस मिळालेला पक्षी वरवर बरा दिसतो आणि अंगात जंतू घेऊन हिंडतो, निरोगी पक्ष्यांना विनाकारण औषध जातं ते वेगळंच. त्या म्हणाल्या, तो स्वतःहून हातात सापडण्याइतका अशक्त झाला तर पुठ्ठ्याच्या खोक्यात, भोकं पाडून, अंधारात ठेवून आमच्याकडे आणा, नाहीतर फीडर उतरवा, धुवा आणि दोन-तीन आठवडे लावू नका, म्हणजे ते पांगतील. पांगणं हेच औषध. हा जंतू पक्ष्याच्या अंगाबाहेर फार काळ तग धरत नाही, त्याला कवच म्हणजे पेशीभित्तिकाच नसते, त्यामुळे एकामागोमाग एक डोळे त्याच कडेला लागणं थांबलं की त्याची साखळी तुटते.

फीडर उतरवायचा म्हटल्यावर घरात खरी अडचण आली. बाहेर उणे आठ. सासूबाईंना मी आईच म्हणते, त्या एकदम गप्प झाल्या आणि मग म्हणाल्या, "दारी आलेल्याला या थंडीत उपाशी पाठवायचं? आम्ही ओसरीला ज्वारीची कणसं टांगायचो चिमण्यांसाठी, दुष्काळात पण टांगली." त्यांच्याशी वाद घालायचा नव्हता मला, कारण माझ्याही मनात तेच होतं. आपण सगळेच चिऊचा घास, काऊचा घास ऐकत जेवलेलो आहोत, पानाबाहेर घास काढून ठेवणारी माणसं आपण, दाणा बंद करणं हे आपल्या हाताला जमतच नाही.

म्हणून मग मी शोधलं की फीडर काढला तर ते मरतात का. विस्कॉन्सिनमध्ये दोन संशोधकांनी चिकॅडींवर हे तपासलेलं आहे. 1988 च्या त्यांच्या कामात दिसलं की कडक हिवाळ्यात फीडर असलेल्या ठिकाणच्या चिकॅडी जास्त जगतात, म्हणजे दाण्याचा उपयोग आहे, तो खोटा नाही. पण 1992 मध्ये छापून आलेल्या कामात त्यांनी वर्षानुवर्षं फीडर असलेल्या ठिकाणचे फीडर काढून घेतले आणि बघितलं, तर तिथल्या चिकॅडी कधीच फीडर न बघितलेल्या चिकॅडींइतक्याच जगल्या. त्यांना रानात खायचं शोधणं विसरायला झालं नव्हतं. फीडर असतानाही त्यांच्या रोजच्या खाण्याचा साधारण पाचवा हिस्साच तिथून यायचा. मी आईंना म्हटलं, "आई, आपण त्यांचं पूर्ण ताट नाही वाढत, कोशिंबीर वाढतो." त्यांना ते पटलं की नाही माहीत नाही पण त्या उठल्या आणि स्वतः गॅरेजमधून बादली घेऊन आल्या.

धुतलं ते असं. आधी सगळे भाग सुटे केले, तळातली कुजकी टरफलं काढून पिशवीत बांधून कचऱ्यात, गरम पाणी आणि भांड्यांचा साबण, बाटल्या घासायच्या ब्रशने भोकांच्या कडा आतून-बाहेरून. मग एक भाग ब्लीच आणि नऊ भाग पाणी, त्यात दहा मिनिटं बुडवून, मग वास जाईपर्यंत खळखळून धुतलं, आणि पूर्ण वाळवलं. पूर्ण म्हणजे पूर्ण, भोकाच्या खाचेत ओल राहिली की नव्या बियांना बुरशी. डेकवरचा आणि खालच्या बर्फावरचा सडा झाडून काढला, ते काम सगळ्यात कंटाळवाणं आणि तेच लोक सोडतात, पण खाली पडलेल्यावर जंको आणि डव्ह जेवतात आणि विष्ठाही तिथेच पडते. पाण्याचं भांडं पण उलटं करून ठेवलं.

एवढं करून दुपारी खिडकीतून बघते तर आमचे सगळे फिंच शेजारच्या आजोबांच्या फीडरवर. आता? माझा एकटीचा फीडर उतरवून उपयोग शून्य, उलट त्यांच्याकडची गर्दी वाढली. आजोबा एकटे राहतात, निवृत्त, पक्षी हीच त्यांची दिवसभराची सोबत, त्यांना कसं सांगायचं कळेना. मी काही समजवायच्या भानगडीत पडले नाही, फोटो प्रिंट करून घेऊन गेले आणि फक्त दाखवले. त्यांनी चष्मा लावून बराच वेळ तो डोळ्याचा फोटो बघितला, मग म्हणाले की हा त्यांनीही आठवड्यापूर्वी बघितला होता, त्यांना वाटलं म्हातारा झालाय. संध्याकाळी त्यांच्याही काठीवर फीडर नव्हता. समोरच्या रांगेतल्या दोन घरांना त्यांनीच सांगितलं. माझ्या मते या केसमधली सगळ्यात कामाची गोष्ट ही, कारण पक्ष्यांसाठी चार घरांची अंगणं हे एकच अंगण असतं.

ते तीन आठवडे खिडकी ओस पडली. पहिले दोन दिवस कार्डिनलची मादी रिकाम्या हुकवर येऊन बसायची, ते बघवत नव्हतं. मग आम्ही रानात जायला लागलो, बूट चढवून, रोज दुपारी अर्धा-पाऊण तास, आई सुद्धा दोन शाली आणि कानटोपी घालून. आणि आमचे तेच पक्षी तिथे वेगळेच भेटले. फीडरवर ते एकेकटे, भांडखोर, रानात मात्र घोळक्याने फिरतात, पुढे चार-पाच चिकॅडी, मागे टिटमाउस, खोडावर नटहॅच, एखादा डाउनी, आणि त्यांच्यात मिसळून दोन पक्षी जे आमच्या फीडरवर कधीच आले नाहीत. एक ब्राउन क्रीपर, सालीच्याच रंगाचा, खोडाच्या बुंध्यापासून गोल गोल वर चढत जातो आणि वर पोचला की पुढच्या झाडाच्या बुंध्याशी. आणि दुसरा गोल्डन-क्राउन्ड किंगलेट, पाच-सहा ग्रॅमचा जीव, डोक्यावर पिवळी पट्टी, आपल्या शिंजिरापेक्षाही हलका, आणि तो त्या उणे तापमानात फांद्यांच्या टोकाशी लटकून किड्यांची अंडी-अळ्या टिपत होता. सह्याद्रीतल्या रानात हेच चालतं, रामगंगा, चष्मेवाला, शिलिंध्री एकत्र हिंडतात, जास्त डोळे म्हणजे जास्त पहारा.

पहाऱ्याचं तर आम्ही प्रत्यक्ष बघितलं. एके दिवशी ओढ्यापाशी चिकॅडींनी एकदम ओरडायला सुरुवात केली, चिक-ए-डी-डी-डी-डी-डी, थांबतच नव्हत्या, टिटमाउस आणि नटहॅच पण धावून आले. 2005 मध्ये सिद्ध झालंय की समोरचा शिकारी जितका धोक्याचा तितके शेवटचे "डी" जास्त, आणि छोट्या चपळ घुबडाला मोठ्या घुबडापेक्षा जास्त "डी" मिळतात, कारण छोटंच त्यांना पकडू शकतं. नटहॅचना ती भाषा कळते हे पण नंतर दाखवलंय. आम्ही त्या आवाजाच्या दिशेने दुर्बीण लावून बघत राहिलो तर वठलेल्या बीचच्या ढोलीत एक स्क्रीच आउल, म्हणजे छोटं घुबड, अगदी सालीच्या रंगाचं, डोळे मिटून बसलेलं. आईंना दुर्बीण नीट लावता येईना, पण घुबड दिसल्यावर त्यांनी आपसूक हात जोडले, लक्ष्मीचं वाहन म्हणून. फीडर लटकलेला असता तर आम्ही त्या दुपारी घरात बसलो असतो आणि हे घुबड आमच्या मागे दोनशे पावलांवर राहतं हे कळलंही नसतं.

फिंच रानात दिसले नाहीत, ते रस्त्यापलीकडच्या मोकळ्या माळावर वाळलेल्या रानटी बियांवर पांगून दिसायचे, दोन इथे, तीन तिथे. फीडर उतरवल्यावर सहाव्या दिवशी कुंपणाच्या आर्बरविटी नावाच्या सदाहरित झाडाखाली बर्फावर पिसं पडलेली दिसली, करडी, रेघांची, आणि त्यात काही लाल. शेजारच्या मेपलवर सकाळीच कूपर्स हॉक, पाखरं मारणारा शिकारी पक्षी, बसलेला आईंनी बघितला होता. तो आमचाच नर होता का, पिसांवरून एवढंच म्हणता येतं की हाउस फिंचचा नर होता. त्यानंतर बंद डोळ्याचा नर मात्र आम्हाला पुन्हा दिसला नाही. लेकीने त्यातलं एक लाल पीस उचलायला हात पुढे केला, मी नको म्हटलं, रानपक्ष्याचं पीस घरी ठेवणंही त्याच 1918 च्या कायद्यात बसत नाही, आणि ती काही न बोलता ते तिथेच ठेवून आली. मला त्या रात्री झोप लागली नाही. शनिवारीच मी दुसऱ्या बाजूने जाऊन एकदा त्याच्याकडे नीट बघितलं असतं तर चार दिवस आधी फीडर उतरला असता. त्याचं काय झालं असतं ते सोडा, पण त्या मादीचा डोळा कदाचित वाचला असता.

फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यात आम्ही चारही घरांनी एकाच दिवशी फीडर परत लावले, पण थोडं बदलून. सहा भोकांचा एकच फीडर होता त्याऐवजी दोन छोटे, डेकच्या दोन टोकांना, म्हणजे गर्दी एका जागी होत नाही. दाणे एका वेळी दोन दिवसांत संपतील एवढेच. दर रविवारी साबणाचं पाणी, एक रविवार सोडून ब्लीच, बाहेर बर्फ असला तर बाथरूमच्या टबमध्ये बादली ठेवून. आणि मोजणीच्या वहीत लेकीने दोन नवीन रकाने आखले, डावा डोळा आणि उजवा डोळा, फिंचसाठी दोन्ही बाजू दिसल्याशिवाय ती खूण करत नाही. फीडरवॉचच्या फॉर्ममध्ये आजारी फिंच दिसले का हा प्रश्न असतोच, जानेवारीचे दोन तिथे कळवले, आणि नंतर ज्या दिवशी सगळे निरोगी दिसले तेही कळवलं. काहीच दिसलं नाही ही पण नोंदच असते, ती बरेच लोक करत नाहीत.

एक वेगळी गोष्ट इथेच सांगून टाकते कारण लोक गोंधळ करतात. 2021 च्या मे-जूनमध्ये वॉशिंग्टन आणि आजूबाजूच्या राज्यांत पक्ष्यांचे डोळे सुजून, खपल्या धरून ते मरत होते, तेव्हाही फीडर काढा म्हणून सांगितलं होतं. ते फिंचचं प्रकरण नव्हतं, त्यात मुख्यतः ग्रॅकल, ब्लू जे, स्टार्लिंग, रॉबिन यांची कोवळी पिल्लं होती आणि त्याचं कारण शेवटपर्यंत निश्चित झालं नाही. त्यामुळे सुजलेला डोळा दिसला की लगेच नाव ठोकून देऊ नका, कुठला पक्षी, केवढा, कुठला महिना, हे लिहा आणि फोटो ठेवा.

फेब्रुवारीत हाउस फिंचचा आकडा 5 वर आला, मार्चमध्ये 7. चौदा पुन्हा झाले नाहीत आणि आता मला ते हवेही नाहीत. मार्चच्या 9 तारखेला सकाळी डाव्या फीडरवर एक मादी बसली, पंख हलवला आणि त्यात पांढरं पीस. लेक ओरडलीच. डोळा उघडा होता! पापणीभोवती केस गेल्यासारखी थोडी उघडी कातडी, पण डोळा काळा, ओला, चमकता, आणि मी काचेजवळ गेले तशी ती फट्कन उडाली. इतका आनंद मला एखादा पक्षी उडून गेल्याचा कधीच झाला नव्हता.

एप्रिलमध्ये आईंची परत जायची वेळ आली. त्या गेल्या त्याच आठवड्यात पुढच्या दारावरच्या सुकल्या फुलांच्या रीथमध्ये, म्हणजे दाराला टांगतात त्या गोल चक्रात, काड्या दिसायला लागल्या, हाउस फिंचना अशा जागा आवडतात, आणि काड्या आणणारी तीच, पांढऱ्या पिसाची, सोबत एक नारिंगीकडे झुकणारा नर. आम्ही पुढचं दार वापरणं बंद केलं, दारावर "गॅरेजमधून या" अशी चिठ्ठी लावली. पाच अंडी, फिकट निळी, त्यावर बारीक काळे ठिपके. चार फुटली. फिंच पिल्लांनाही किडे न देता बियाच भरवतात, त्यामुळे दिवसभर तिच्या फेऱ्या फीडर ते दार, दार ते फीडर, आणि मी त्या दिवसांत ब्लीचची एकही खेप चुकवली नाही.

रविवारी साताऱ्याला व्हिडिओ कॉल लावला की आई आमची चौकशी करायच्या आधी विचारतात, "तिचा डोळा कसा आहे गं?" मग लेक फोन घेऊन हळूच दाराच्या काचेशी जाते.